चिंचेचं सरबत: कोळ जमला की सरबत जमलं

लिंबू पिळलं, साखर ढवळली की सरबत तयार होतं. चिंचेचं तसं नसतं. तिचा आंबटपणा गरात असतो आणि गर शिरांना, चिंचोक्यांना घट्ट चिकटलेला असतो. तो सोडवून पाण्यात आणायचा, म्हणजे कोळ काढायचा. या सरबतातलं सगळं कसब तिथंच आहे. कोळ चांगला निघाला तर पुढचं काम पाच-दहा मिनिटांचं. तो पाणचट, तुरट किंवा कचरट निघाला, तर वरून कितीही गूळ, जिरं, पुदिना घातला तरी पहिल्या घोटाला कळतंच. म्हणून या लेखात कोळावर जरा रेंगाळणार आहे आणि बाकीचं झटपट उरकणार आहे.

हे सरबत आधी कधीच केलं नाही, अशा माणसासाठी हे लिहितो आहे. गॅस लागतो तो पाणी तापवण्यापुरता. चिंच भिजायला अर्धा तास, हाताचं काम पंधरा-वीस मिनिटं आणि गार व्हायला लागेल तो वेळ.

साहित्य

साधारण १ लिटर, म्हणजे पाच ग्लास सरबतासाठी:

बिया काढलेली चिंच ५० ग्रॅम (मोठ्या लिंबाएवढा गोळा)
पाणी एकूण १ लिटर, त्यातलं ४५० मिली कोळासाठी
चिरलेला गूळ १०० ते १२० ग्रॅम, किंवा साखर ९० ते १०० ग्रॅम
मीठ पाव लहान चमचा
भाजलेल्या जिऱ्याची पूड अर्धा लहान चमचा, हवी असल्यास

ग्लासात बर्फ घालणार असाल तर पाणी १ लिटरऐवजी ८५० मिलीच घ्या. बर्फ वितळून सरबत पातळ होतं, हे शेवटचा ग्लास पिणाऱ्यालाच कळतं.

वजनकाटा नसेल तरी अडत नाही, पण पहिल्या वेळी तरी मोजून करा. चिंच किती आंबट आहे ते डोळ्यांना दिसत नाही. एकदा माप ठरलं की तीच चिंच संपेपर्यंत अंदाजाने करता येतं. नवी चिंच आणली की पुन्हा एकदा मोजायचं.

चिंच कोणती घ्यायची

फळ पिकलं की त्यातला आंबटपणा कमी होतो, असा आपला सर्वसाधारण अनुभव. चिंच याला अपवाद आहे. तिच्यातलं मुख्य आम्ल म्हणजे टार्टारिक आम्ल, द्राक्षात असतं तेच. पिकताना ते फारसं कमी होत नाही, नुसती साखर वाढत जाते. त्यामुळे पिकलेली चिंच एकाच वेळी खूप आंबट आणि बऱ्यापैकी गोड असते, आणि सरबताला लागतं ते नेमकं हेच. हिरवी, कच्ची चिंच सरबताला नको. गाभुळलेली चिंच, म्हणजे टरफल गरापासून सुटायला लागलं आहे पण गर अजून फिका आहे अशी, खायला झकास लागते, पण तिचा कोळ पातळ आणि किंचित तुरट निघतो.

अख्ख्या शेंगा मिळाल्या तर उत्तम. पिकलेल्या शेंगेचं टरफल ठिसूळ असतं. बोटाने दाबलं की कडकन मोडतं, कारण आतला गर आकसून टरफलापासून सुटा झालेला असतो. टरफल दबतं पण मोडत नाही, अशी शेंग अजून तयार नाही. टरफलाला बारीक भोकं दिसली आणि शेंग हलवल्यावर पूड गळली, तर आत किडा आहे. ती शेंग बाजूला टाका. बाकीच्या सोलून टरफल काढा आणि देठाकडून निघणाऱ्या जाड शिरा ओढून घ्या. ओढल्या की त्या बहुधा सलग निघून येतात.

सोललेली, दाबून गोळा किंवा वडी केलेली चिंच बहुतेक घरांत असते. तिचे दोन प्रकार असतात, चिंचोक्यांसकट आणि बिया काढलेली. चिंचोक्यांसकट असेल तर वजनातला तिसरा हिस्सा, कधी त्याहून जास्त, बियांचा असतो. म्हणून ५० ग्रॅमच्या जागी ८० ग्रॅम घ्या. अख्ख्या शेंगा असतील तर १०० ग्रॅम धरा.

गोळ्याचा एक तुकडा आधी जिभेवर ठेवून बघा. चिंच टिकावी म्हणून तिला मीठ लावून ठेवतात, आणि ते किती लावलं आहे हे चाखल्याशिवाय समजत नाही. खारट लागली तर सरबतात वरून मीठ घालायचंच नाही.

रंगावरून फसू नका. ताजी चिंच तांबूस-तपकिरी असते. ठेवलेली चिंच महिन्यागणिक गडद होत जाते आणि वर्षभरात जवळजवळ काळी पडते. काळी म्हणजे खराब, असं नाही. तिची चव जास्त खोल, किंचित मनुकांसारखी होते, सरबत मात्र काळपट दिसतं. मला स्वतःला सरबतासाठी नवी चिंच आवडते. जुनी मी आमटीला राखून ठेवतो. पण घरात जुनीच असेल तर तिच्यावर सरबत अडवू नका. नाही म्हणायचं ते दोनच बाबतीत: वर कापसासारखी बुरशी आली असेल, किंवा आंबूस, दारूसारखा वास येत असेल. पांढरे, कडक, स्फटिकासारखे कण मात्र बुरशी नव्हेत. ते मिठाचे किंवा चिंचेतल्याच आम्लाच्या क्षाराचे असतात आणि पाण्यात विरघळून जातात.

बाटलीतल्या तयार कोळाचा भरवसा थोडा कमी. एखादा पातळ आणि फिका असतो, एखादा डांबरासारखा काळा आणि इतका आटवलेला की चमचाभर पुरतो. वेळ नसेल तर वापरा, पण एक मोठा चमचा १ लिटर पाण्यात घालून चव घ्या आणि तिथून वाढवत जा. घरच्या कोळाचा ताजा वास त्याला येत नाही. आटवताना तो उडून गेलेला असतो.

भांडं

स्टील, काच किंवा चिनी माती. चिंच बरीच आम्लधर्मी असते, म्हणून तांब्या-पितळेची बिनकल्हईची आणि अ‍ॅल्युमिनियमची भांडी यासाठी नकोत. धातू कोळात उतरतो आणि चवही बिघडते. चकचकीत झिलईच्या, रंगीत नक्षीच्या मातीच्या भांड्यांबाबतही सावध राहा. काही झिलयांमध्ये शिसं असतं आणि आंबट पदार्थ ते ओढून घेतो. भांडं खाण्यासाठीच केलेलं आहे याची खात्री नसेल तर ते शोभेलाच राहू द्या.

कोळ काढणं

चिंच एकदा पटकन धुवा. धूळ आणि टरफलाचे बारीक तुकडे वाहून जाण्यापुरतीच. धुताना चोळत बसलात तर चांगला गर मोरीत जाईल. मग गोळा हाताने तोडून लहान तुकडे करा. अखंड गोळा पाण्यात टाकला तर बाहेरून मऊ होतो आणि आत तसाच कोरडा राहतो. नव्या माणसाला कोळ कमी मिळण्याचं सगळ्यात मोठं कारण हेच.

३०० मिली पाणी उकळा, गॅस बंद करा आणि चार-पाच मिनिटं थांबा. मग ते पाणी चिंचेवर ओता. चिंच पूर्ण बुडायला हवी. झाकण ठेवा आणि अर्धा तास विसरून जा. साध्या पाण्यातही चिंच भिजते, फक्त दोन-तीन तास लागतात. रात्रभर फ्रिजमध्ये गार पाण्यात भिजवलेल्या चिंचेचा कोळ तर फारच स्वच्छ चवीचा होतो. सवड असेल तर तसंच करा.

चिंच पाण्यात घालून गॅसवर खळखळ उकळण्याचा मोह होतो, कारण गर लवकर सुटतो. बिया पूर्ण काढलेल्या असतील तर दोन-तीन मिनिटं उकळलेलं खपून जातं. चिंचोके असतील तर अजिबात नको. चिंचोक्याच्या तपकिरी सालीत टॅनिन भरपूर असतं. ते उकळत्या पाण्यात उतरतं आणि कोळ घशाला धरणारा, तुरट होतो. बियांच्या आतला भाग तर खळीसारखा चिकट असतो. चिंचोक्याच्या पिठाची खळ कापडाला देतात ती या चिकटपणामुळेच, आणि सरबतात खळ कुणालाच नको असते.

मिक्सरचंही तेच. एक चिंचोका नजरेतून सुटला तर त्याची कच सगळ्या कोळात होते. बिया नसल्या तरी पात्याने शिरा बारीक चिरल्या जातात, गाळणीतून खाली उतरतात आणि पिताना जिभेवर येतात. शिवाय फेस होतो तो वेगळाच. या कामाला हातासारखं यंत्र नाही.

आता कोळायचं. पाणी कोमट झालं की हात स्वच्छ धुऊन भांड्यात घाला. चिंच मुठीत धरून दाबायची, सोडायची, पुन्हा दाबायची. पहिल्या चार-पाच वेळेला फक्त पाणी गढूळ होतं आणि हाताला गुठळ्या लागत राहतात. प्रत्येक गुठळी अंगठा आणि बोटं यांच्यात धरून चिरडा. हळूहळू गर बोटांवरून साबणासारखा निसटायला लागतो आणि मुठीत उरतात त्या काथ्यासारख्या शिरा. चिंचोके असतील तर ते बुळबुळीत न राहता गुळगुळीत आणि स्वच्छ लागायला लागतात. हाताला गुठळी सापडेनाशी झाली आणि शिरा जवळजवळ मोकळ्या झाल्या, की पहिला हात झाला. पाच-सात मिनिटं लागतात. हाताला कुठे कापलं असेल तर हातमोजा घाला, नाहीतर चांगलंच चुरचुरेल.

हे सगळं गाळणीत ओता. चहाची गाळणी फार बारीक असते, ती लगेच तुंबते. पुरणाची चाळण किंवा मध्यम जाळीची मोठी गाळणी घ्या. डावाच्या पाठीने दाबत फिरवा. खाली काय जमलं ते बघण्याआधी गाळणी उलटी करा. सगळ्यात दाट गर जाळीच्या खालच्या बाजूला लोंबत असतो. तो चमच्याने खरवडून कोळात घ्या. न खरवडता गाळणी थेट नळाखाली धरली तर कोळाचा बराचसा दाटपणा तिच्याबरोबर वाहून जातो.

चोथा अजून टाकायचा नाही. तो पुन्हा भांड्यात घ्या, १५० मिली कोमट पाणी घाला, पुन्हा तसाच मुठीत दाबून कोळा आणि गाळा. दुसऱ्या पाण्यात पुष्कळ आंबटपणा उतरतो. पहिलं आणि दुसरं पाणी एकत्र करा. तिसरं पाणी काढणारेही असतात, पण त्यात उतरतो तो मुख्यतः शिरांचा तुरटपणा. ते सरबताला नको, रश्शाला चालेल.

कोळ नीट झाला का, हे बघायला त्यात चमचा बुडवून उचला. चमच्याच्या पाठीवर पातळसा थर राहिला पाहिजे. पाण्यासारखा ओघळून चमचा लख्ख राहिला, तर चिंच पुरती भिजली नव्हती किंवा कोळायची घाई झाली. एक गोष्ट इथंच करून ठेवा: दोन-तीन मोठे चमचे कोळ वाटीत बाजूला काढा. त्याचं काम पुढे आहे.

गोडी, मीठ, पाणी

गूळ की साखर? दोन्हींनी चांगलं होतं, पण दोन वेगळी सरबतं होतात. साखर चिंचेच्या चवीत लुडबुड करत नाही, रंगही तांबूस राहतो. गुळाला स्वतःची चव असते. त्याने सरबत भरदार लागतं आणि चिंचेची धार थोडी बोथट होते. पहिल्यांदा पिणाऱ्याला बहुधा गुळाचं जास्त आवडतं. खजूर भिजवून, वाटून, गाळून घातला तरी छान लागतो, पण सरबत दाट होतं. मध घालायचा तर सरबत गार झाल्यावर घाला, आणि एक वर्षाच्या आतल्या बाळाला मध मुळीच द्यायचा नाही.

गूळ थेट कोळात टाकू नका. १५० मिली कोमट पाण्यात तो वेगळा विरघळवा आणि बारीक गाळणीने गाळा. गाळणीत काय राहतं ते एकदा बघाच: उसाच्या चोयट्या, बारीक वाळू, कधी पोत्याचा धागा. साखरही आधी थोड्या कोमट पाण्यात विरघळवलेली बरी. गार कोळात ती तळाशी बसते, आपण फिकं लागतं म्हणून आणखी घालतो आणि मग अर्ध्या तासाने सगळं मिट्ट गोड होतं.

आता मोठ्या भांड्यात कोळ घ्या. गुळाच्या पाण्यातलं तीन चतुर्थांश घाला, मीठ घाला आणि उरलेल्या साध्या पाण्यातलं बरंचसं ओता. ढवळा आणि चव घ्या. इथून पुढे माप सोडून जीभ वापरायची, पण क्रमाने. आधी आंबटपणा बघा. घोट घेतल्यावर डोळे बारीक होत असतील तर पाणी कमी आहे, पाणी घाला. आंबटपणा सोसेल असा झाला की मग गोडी वाढवा. नवखा माणूस नेमका उलटा जातो. आंबट लागलं की गूळ, मग गोड झालं की कोळ, असं करत करत शेवटी पाकासारखं दाट काहीतरी तयार होतं आणि ते एका ग्लासाच्या पुढे पिववत नाही.

मीठ खारट लागण्यासाठी नाही. चिमूटभर मिठाने तुरट-कडवट छटा दबते आणि गोडी जास्त जाणवते. एका वाटीत थोडं बिनमिठाचं सरबत काढून ठेवा आणि मीठ घातलेल्याशी पडताळून बघा. फरक एवढा स्पष्ट असतो की पुन्हा कुणाला सांगावं लागणार नाही. सैंधव चालतं. काळं मीठही चालतं, पण त्याला गंधकाचा वास असतो आणि तो चिंचेच्या वासावर बसतो. ते घालायचं तर निम्मंच घाला.

आता थोडं थांबायचं. सरबत फ्रिजमध्ये निदान एक तास गार करा आणि शेवटची चव गार झाल्यावर घ्या. थंड पदार्थात गोडी जिभेला कमी जाणवते. कोमट असताना बरोबर वाटलेलं सरबत गार झाल्यावर आंबट वाटतं ते यामुळे. म्हणूनच गुळाचं एक चतुर्थांश पाणी आणि तो वाटीतला कोळ मागे ठेवलेला असतो. कमी गोड लागलं तर गुळाचं पाणी, मिळमिळीत किंवा जास्त गोड लागलं तर कोळ.

जास्त आंबट झालं म्हणून खायचा सोडा घालण्याची युक्ती कुणी सांगेल. ऐकू नका. फसफस होऊन आंबटपणा कमी होतो हे खरं, पण मागे साबणासारखी, खारट चव राहते. तुरट झालेल्या सरबतावर मात्र खरंच इलाज नाही. पाणी आणि गूळ वाढवून ते थोडं सौम्य होतं, इतकंच.

वरून काय घालायचं

एका वेळी एकच वास. जिरं घालायचं तर कोरड्या तव्यावर मंद आचेवर रंग एक छटा गडद होईपर्यंत भाजा, गार करून कुटा आणि पिण्याआधी घाला. आधीपासून घालून ठेवलेली पूड तळाशी बसते आणि तिचा वासही मरतो. सुंठेची चिमूट चिंचेशी चांगली जुळते. मिरपूड आवडत असेल तर तीही चालते. वेलची माझ्या मते चिंचेच्या वासाशी भांडते, पण गुळाच्या सरबतात ती घालणारे पुष्कळ आहेत आणि ते आनंदात आहेत.

पुदिना वाटून सरबतात मिसळू नका. आम्लात हिरवा रंग टिकत नाही, तासाभरात तो शेवाळी-तपकिरी होतो. पानं तळहातावर ठेवून एकदा टाळी द्यायची आणि ग्लासात टाकायची, तेवढा वास पुरे.

दूध, साय किंवा आइस्क्रीम घालून काही नवं करावंसं वाटलं तर आधीच सांगतो, फाटेल.

देताना प्रत्येक ग्लास भरण्याआधी सरबत तळापासून ढवळा. तासभर ठेवलं की गर खाली बसतो आणि वर फिकट पाणी दिसतं. ते नासलेलं नसतं, तसं होणारच. अगदी नितळ हवं असेल तर कोळ स्वच्छ मलमलच्या फडक्यातून गाळा, पण मग अंगही जातं आणि चवही. मला ते पटत नाही.

सोडा घालून

पाण्याऐवजी सोडा वापरायचा असेल तर कोळ, गूळ, मीठ हे सगळं थोड्याच पाण्यात दाट कालवून आधी फ्रिजमध्ये अगदी गार करा. ग्लासात हे दाट मिश्रण पाव भाग घ्या आणि गार सोडा ग्लास तिरका धरून कडेने हळू सोडा. उलट केलंत, म्हणजे सोड्यात मिश्रण ओतलंत, तर गराचे कण आणि मीठ यांच्यामुळे वायू एकदम सुटतो आणि निम्मा ग्लास ओट्यावर येतो. चमचा एकदाच, तळापासून वर फिरवा. जास्त ढवळलं की फसफस निघून जाते.

बरणीत ठेवायचा पाक

रोज कोळ काढायचा कंटाळा येणार असेल तर पाक करून ठेवा. बिया काढलेली २०० ग्रॅम चिंच, ६०० मिली गरम पाणी, वरच्या रीतीनेच दाट कोळ. यात दुसरं पाणी १५० मिलीपेक्षा जास्त नको. कोळात ५०० ग्रॅम साखर आणि एक लहान चमचा मीठ घालून जाड बुडाच्या स्टीलच्या पातेल्यात मध्यम आचेवर ठेवा. साखर विरघळेपर्यंत ढवळा, उकळी आली की आच कमी करा आणि दहा-बारा मिनिटं अधूनमधून ढवळत शिजवा. वर येणारा फेस डावाने काढत राहा. तळ लागू देऊ नका. गर जड असतो आणि तो आधी खाली जळतो. दोन चमच्यांमधून ओतल्यावर मधासारखी संथ धार पडली की गॅस बंद करा. तार बघायची गरज नाही. गार झाल्यावर तो आणखी दाटतो.

इथे साखरच बरी. गुळात पाण्याचं प्रमाण कमी-जास्त असतं, त्यामुळे पाक किती टिकेल याचा भरवसा राहत नाही. शिवाय चिंचेतल्या आम्लामुळे उकळताना थोडी साखर फुटून ग्लुकोज आणि फ्रुक्टोज होतात आणि पाक बरणीत दाणेदार होत नाही. एरवी पाकात लिंबू पिळावं लागतं, ते काम चिंच परस्पर करते.

काचेची बरणी उकळत्या पाण्यातून काढून पूर्ण कोरडी करा, पाक गरम असतानाच भरा, गार झाल्यावर झाकण घट्ट लावा आणि फ्रिजमध्ये ठेवा. महिनाभर निर्धास्त चालतो. काढताना चमचा कोरडा हवा. २०० मिलीच्या ग्लासाला अडीच मोठे चमचे, म्हणजे ३५ ते ४० मिली पाक आणि बाकी गार पाणी.

किती दिवस टिकतं

तयार सरबत फ्रिजमध्ये झाकून दोन दिवस, फार तर तीन. नुसता कोळ चार-पाच दिवस. त्याहून जास्त ठेवायचा असेल तर बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवा. एका खणात साधारण दोन मोठे चमचे कोळ मावतो. खडे गोठले की पिशवीत काढून ठेवा, काही महिने जातील. बाहेर उन्हाळ्यात राहिलेल्या सरबतात बारीक बुडबुडे येऊ लागले, झाकण उघडताना फस्स झालं किंवा आंबूस वास आला, तर ते आंबायला लागलं आहे. उकळून वाचवू नका, ओतून टाका.

कुणी जपून प्यावं

चिंच पोट साफ करते ही नुसती ऐकीव गोष्ट नाही. पहिल्यांदा पिणाऱ्याने एका ग्लासावर थांबावं, लहान मुलांना अर्धा. आम्लपित्ताचा त्रास असेल तर रिकाम्या पोटी नको. एका ग्लासात गूळ किंवा साखर मिळून २० ग्रॅमच्या आसपास जाते, मधुमेह असणाऱ्यांनी हा हिशेब धरावा. गूळ घातला म्हणजे चालतं, हा समज काढून टाका. रक्तातली साखर गुळानेही वाढते. अ‍ॅस्पिरिन किंवा आयबुप्रोफेन नेहमी घेणाऱ्यांनी डॉक्टरांना विचारून घ्यावं, कारण चिंचेबरोबर ही औषधं शरीरात जास्त शोषली जातात. आणि आंबट प्यायल्यावर लगेच दात घासू नका. आम्लाने दाताचं वरचं कवच काही वेळ मऊ झालेलं असतं. साध्या पाण्याने चूळ भरा आणि अर्धा-पाऊण तासाने ब्रश करा.

उरलेला चोथा

दुसऱ्या पाण्यानंतरही चोथ्यात थोडं आम्ल उरलेलं असतं, आणि तांब्या-पितळेवरचा काळा थर घालवायला ते पुरतं. चिंचोके वेचून काढा, चोथ्याला थोडं मीठ लावून भांडं घासा, दोन मिनिटं तसंच ठेवा आणि धुऊन लगेच कोरडं पुसा. ओलं ठेवलं तर पाण्याचे डाग पडतात. भांडी नसतील तर चोथा कुंडीत थेट टाकू नका. मीठ लावलेल्या चिंचेचा असेल तर झाडाला बाधतो. कंपोस्टच्या डब्यात इतर कचऱ्याबरोबर मिसळून टाका.